पंचेचाळिशीत उजळलेला नट : जेफ्री रश

मार्च १९९७. ऑस्कर समारंभात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याच्या स्पर्धेत टॉम क्रूझ, राल्फ फाइन्स अशी बडी नावे होती. पाकीट उघडले आणि नाव निघाले जेफ्री रश! ऑस्ट्रेलियाबाहेर 'शाइन'पूर्वी त्याला फारसे कुणी ओळखतही नव्हते. वय पंचेचाळीस. आपल्याकडे या वयात नव्याने आलेल्या नटाला नायकाच्या वडिलांचीच भूमिका मिळायची.

पण जेफ्री नवखा मुळीच नव्हता. १९५१ साली क्वीन्सलँडमधील टूवूम्बा येथे जन्मलेला हा मुलगा विद्यापीठात असतानाच नाटकात रमला आणि १९७१ पासून व्यावसायिक रंगभूमीवर उभा राहिला. पुढे पॅरिसला जॅक लकॉक यांच्या शाळेत तो दोन वर्षे मूकाभिनय आणि विदूषकाची कला शिकला. मायदेशी परतल्यावर १९७९ मध्ये 'वेटिंग फॉर गोदो' या नाटकात त्याच्या जोडीला होता मेल गिब्सन. गिब्सन सिनेमाचा तारा झाला, जेफ्री नाटकातच राहिला. १९८८ मध्ये त्याने अभिनेत्री जेन मेनेलस हिच्याशी लग्न केले. पुढे 'क्विल्स'मध्येही ती त्याची पत्नी म्हणूनच दिसली.

१९८९ मध्ये दिग्दर्शक नील आर्मफील्डबरोबर त्याने गोगोलच्या कथेवरील 'डायरी ऑफ अ मॅडमन' केले. स्वतःला स्पेनचा राजा समजू लागलेल्या कारकुनाची ती भूमिका खूप गाजली. मात्र सततच्या कामाचा ताण व्हायचा तो झालाच. १९९२ मध्ये त्याचे मन कोलमडले, भीतीचे झटके येऊ लागले. जो नट वेड इतके हुबेहूब रंगवत होता, त्याचेच मन त्याला दगा देऊ लागले.

अशा काळानंतर त्याच्याकडे आली डेव्हिड हेल्फगॉट या खऱ्याखुऱ्या पियानोवादकाची भूमिका. हेल्फगॉट मानसिक आजाराने कित्येक वर्षे मैफलींपासून दूर राहिला आणि नंतर पुन्हा वाजवू लागला. या भूमिकेसाठी एखादा प्रसिद्ध चेहरा घ्यावा, असा दबाव असूनही दिग्दर्शक स्कॉट हिक्स जेफ्रीवरच अडून बसले. लहानपणी सुटलेला पियानो जेफ्रीने पुन्हा हाती घेतला. पडद्यावर धावणारी बोटे त्याचीच आहेत. पुढच्याची कल्पना वाचकांना आहेच.

लगेचच १९९८ मध्ये आपल्या शेखर कपूर यांनी त्याला 'एलिझाबेथ'मध्ये राणीचा हेरप्रमुख वॉल्सिंगहॅम केले. तिथे तो जवळजवळ हलतच नाही, नुसत्या नजरेने धाक बसवतो. आणि हाच माणूस 'पायरेट्स ऑफ द कॅरिबियन'मध्ये माकड घेऊन फिरणारा चाचा बार्बोसा! 'द किंग्ज स्पीच'मध्ये तोतऱ्या राजाला बोलते करणारा ऑस्ट्रेलियन लायोनेल लोगही तोच. पीटर सेलर्सच्या भूमिकेबद्दल त्याला २००५ मध्ये एमी मिळाले, तर आयनेस्कोच्या 'एक्झिट द किंग'साठी २००९ मध्ये टोनी. सिनेमा, दूरदर्शन, नाटक, तिन्ही क्षेत्रांतले मोठे अमेरिकन मान त्याच्याकडे आले.

ऑस्करनंतरही नाटक सुटले नाही. ऑस्कर वाइल्डच्या ज्या विनोदी नाटकात तो १९८८ मध्ये तरुण नायक होता, त्याच नाटकात २०११ मध्ये मेलबर्नला त्याने साडीऐवजी गाऊन नेसून करड्या लेडी ब्रॅकनेलला उभे केले. बालगंधर्वांची परंपरा पाहिलेल्या आपल्या प्रेक्षकांना त्यात नवल वाटणार नाही.

मधल्या काळात एक कटू प्रकरणही घडले. २०१७ मध्ये एका दैनिकाने त्याच्यावर गैरवर्तनाचे आरोप छापले. त्याने बदनामीचा दावा लावला आणि २०१९ मध्ये न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. २०२४ च्या 'द रूल ऑफ जेनी पेन'मध्ये तो पक्षाघाताने चाकाच्या खुर्चीला खिळलेला न्यायाधीश आहे. ज्याने पॅरिसला जाऊन शरीराची भाषा शिकली, त्याने या चित्रपटात बहुतेक वेळ बसूनच काम केले.