पंधरा अधिक पंधरा, तिसांहून जास्त

१४ ऑक्टोबर २०२५ रोजी मायक्रोसॉफ्टने विंडोज १० चा नेहमीचा आधार थांबवला. जुने संगणक बदलायचे की फॉरमॅट मारून चालवायचे, हा प्रश्न अकोल्याच्या अडत दुकानांत, दालमिलच्या कार्यालयांत आणि अमरावतीच्या सीएंच्या टेबलांवर येऊन ठेपला. अशा वेळी दुरुस्तीला आलेला जाणता मुलगा हात लावण्याआधी विचारतो, ‘भाऊ, फॉरमॅट माराच्या अगुदर टॅलीचं लायसन सरेंडर केलं काय?’

हा प्रश्न फार मोलाचा आहे. टॅली या हिशेबाच्या सॉफ्टवेअरचा परवाना ज्या यंत्रावर सुरू केला त्या यंत्राशी बांधलेला असतो. सरेंडर केलं की तो कंपनीच्या नोंदीत मोकळा होतो आणि दुसऱ्या यंत्रावर चढवता येतो. तसं न करता डिस्क पुसली, तर कागदोपत्री तो जुन्या यंत्राच्याच नावावर अडकून बसतो. ‘सिल्व्हर’ आवृत्ती एका संगणकापुरती. ‘गोल्ड’ घेतली तर कार्यालयातल्या जाळ्यावरचे सगळे संगणक टॅली वापरू शकतात, आणि खरी गंमत इथेच आहे. त्यातल्या एकाच संगणकावर परवाना राहतो. तिथे एक छोटी सेवा दिवसभर पडद्याआड चालू असते, साधारणपणे ९९९९ क्रमांकाच्या पोर्टवर कान लावून. बाकीची टॅली सुरू होताना तिला विचारते, ‘चालू का?’ मुनीमजींनी तो परवान्याचा संगणक बंद केला की बाकीचे ‘एज्युकेशनल मोड’मध्ये जातात आणि महिन्यातल्या ठरावीक तारखांनाच, म्हणजे १, २ आणि ३१ लाच, नोंदी करू देतात. ऐन हंगामात १७ तारखेची कापसाची पावती चढत नाही म्हणून व्हायरसला शिव्या देण्याआधी कोपऱ्यातला तो एक संगणक चालू आहे का, हे बघावं.

म्हणजे असा परवाने सांभाळणारा लायसन्स सर्व्हर हा काही बंगळुरूच्या किंवा अमेरिकेच्या थंडगार खोलीतच असतो असं नाही. टेबलाखालच्या साध्या डेस्कटॉपमध्येही तो असू शकतो. विंडोजमध्ये तर तो घडणीतच आहे.

२००१ साली विंडोज एक्सपीबरोबर घरगुती ग्राहकांना अ‍ॅक्टिव्हेशनची सक्ती आली, पण मोठ्या संस्थांना एकच किल्ली सगळीकडे चालेल अशी सवलत होती. अशी एक किल्ली एक्सपी बाजारात येण्याच्या आतच फुटली आणि जगभर हातोहात पसरली. मग व्हिस्टापासून मायक्रोसॉफ्टने रीत बदलली. की मॅनेजमेंट सर्व्हिस, म्हणजे केएमएस, ही सेवा संस्थेने आपल्याच आवारात चालवायची. ती चालवायला मोठा सर्व्हर लागतोच असं नाही, संस्थेचा परवाना असेल तर साधा डेस्कटॉपही हे काम करतो. तो स्वतः एकदा मायक्रोसॉफ्टशी बोलून मंजुरी घेतो, पुढे आवारातले संगणक त्याच्याकडेच येतात. त्याचा पत्ता त्यांना डीएनएसमधून मिळतो, बोलणं पोर्ट १६८८ वर होतं. मंजुरी मिळते ती १८० दिवसांची. दर सात दिवसांनी संगणक आपणहून ती ताजी करून घेतो.

यातली एक अट अभियंत्यांच्या चतुराईची आहे. निरनिराळ्या २५ संगणकांनी विचारणा केल्याशिवाय हा सर्व्हर डेस्कटॉप विंडोजला मंजुरीच देत नाही. पहिल्या २४ जणांना तो नाव लिहून घेऊन परत पाठवतो. पंचविसावा आला की होकार सुरू होतो, आणि आधीचे नाकारलेले पुन्हा विचारायला आले की त्यांनाही मिळतो. घरात चोरून सर्व्हर थाटणाऱ्याकडे २५ संगणक कुठून येणार, हा त्यामागचा हिशेब. पण ३० दिवस न फिरकलेल्या यंत्राचं नाव यादीतून निघतं. म्हणून दीर्घ सुट्टीनंतर उघडलेल्या प्रयोगशाळेत पुरेसे संगणक चालू होईपर्यंत गणती पुन्हा पहिल्यापासून सुरू होऊ शकते. त्याहून जास्त छळणारी एक चूक आहे. एका संगणकावर सगळं बसवायचं आणि त्याच्या डिस्कची हुबेहूब नक्कल उरलेल्या साठांवर उतरवायची, ही महाविद्यालयांतली नेहमीची पद्धत. ती यंत्राची ओळख पुसणारं ‘सिसप्रेप’ न चालवता केली, तर साठही यंत्रं एकच ओळख क्रमांक सांगतात. सर्व्हरच्या लेखी एकच संगणक साठदा येऊन गेला! गणती एकावरून हलत नाही आणि लॅब असिस्टंट केबल तपासत बसतो.

अभियांत्रिकीच्या सॉफ्टवेअरचं जग मात्र वेगळं. तिथे मंजुरी सहा महिन्यांची नसते, त्या बैठकीपुरती असते. १९८८ साली आलेल्या फ्लेक्सएलएम या व्यवस्थेने ‘फ्लोटिंग लायसन्स’ जगभर रूढ केलं. समजा एखाद्या सॉफ्टवेअरचे १५ परवाने घेतले, तर ते शंभर संगणकांवर बसवा, एका वेळी चालवतील मात्र १५ जण. सोळाव्याला नकार. कोणी बाहेर पडला की त्याचा परवाना सर्व्हरकडे परत. मॅटलॅबसारखी पॅकेजेस आजही या व्यवस्थेच्या वारसावर चालतात.

वऱ्हाडात या व्यवस्थेची खरी परीक्षा लाईट गेल्यावर होते. सर्व्हर यूपीएसवर जिवंत, लॅबमधले संगणक मात्र धपकन बंद. कोणीही रीतसर बाहेर पडलेला नाही, त्यामुळे सर्व्हरच्या वहीत पंधराही जण अजून कामात आहेत. जोडणी तुटल्याचं त्याला जाळ्याच्या नियमांतूनच कळतं आणि कधीकधी त्याला दोन तासांपर्यंत वेळ लागू शकतो. तोवर लाईट येते, विद्यार्थी परत बसतात आणि पडद्यावर दिसतं की सगळे परवाने वापरात आहेत. वापरणारा मात्र एकही नाही. सर्व्हरच्या चालकाने अडकलेले परवाने हाताने सोडवणं, हा त्यावरचा साधा उपाय. तो माहीत नसल्याने प्रात्यक्षिकाचा तास वाया जाणं फार वाईट.

आता खरा प्रश्न. परवाने किती घ्यायचे? साठ संगणक म्हणून साठ? की परवडतात तेवढे? याचं उत्तर संगणकाचा जन्म होण्याआधीच देऊन ठेवलेला एक माणूस आहे आणि त्याचं नाव संगणकशास्त्राच्या वर्गात क्वचितच घेतलं जातं.

आग्नर क्रारुप एरलांग. जन्म १ जानेवारी १८७८, डेन्मार्कमधलं लोनबोर्ग. १९०१ साली कोपनहेगन विद्यापीठातून पदवी घेतल्यावर त्याने सात वर्षं शाळांमध्ये शिकवलं. गणिताच्या मंडळात त्याची ओळख योहान येन्सेन यांच्याशी झाली. गणितात ज्यांच्या नावाची असमानता आजही शिकवतात तेच येन्सेन पोटापाण्यासाठी कोपनहेगन टेलिफोन कंपनीत मुख्य अभियंता होते! त्यांच्यामुळे १९०८ साली एरलांग कंपनीत आला. सुरुवातीला हाताखाली प्रयोगशाळेतला माणूस नाही, म्हणून विद्युतप्रवाहाची मोजमापं तो स्वतःच करायचा. शिडी खांद्यावर घेतलेला एक मजूर आणि त्याच्याबरोबर रस्त्यावरच्या मॅनहोलमध्ये उतरणारा हा गणिती, हे कोपनहेगनकरांच्या ओळखीचं दृश्य होतं. गणित कागदावर सुचलं तरी आकडे रस्त्यावरूनच आणावे लागतात, हे त्याच्याइतकं थोड्यांनी जाणलं.

कंपनीपुढचा पेच असा होता. शहरात हजारो ग्राहक, पण दोन केंद्रांमधल्या तारा मोजक्या. एसटीडीपूर्वीच्या काळात अकोल्याहून मुंबईला ट्रंक कॉल लावून कापसाचा भाव विचारणाऱ्यांना हा पेच अंगवळणी पडलेला होता. (आपल्याकडे पहिली एसटीडी जोडणी झाली ती लखनौ आणि कानपूर यांच्यात, १९६० साली.) प्रत्येक ग्राहकाला स्वतंत्र तार दिली तर कंपनी बुडेल, फार कमी दिल्या तर ग्राहक चिडतील. मग किती? १९०९ साली एरलांगने दाखवलं की फोन यायच्या वेळा अनिश्चित असल्या तरी त्या अनिश्चिततेला शिस्त असते, ती प्वासाँच्या सूत्राने पकडता येते. १९१७ साली त्याने पुढचं पाऊल टाकलं. सरासरी किती संभाषणं एकाच वेळी चालू असतात आणि तारा किती आहेत, एवढं सांगितलं की किती जणांना नकार मिळेल हे सांगणारं सूत्र त्याने दिलं. रांगेत थांबवलं तर किती वेळ थांबावं लागेल, त्याचंही दिलं.

तारेच्या जागी परवाना लिहा. सूत्रातलं एक अक्षरही बदलावं लागत नाही.

समजा, स्थापत्य विभागात एखाद्या पॅकेजवर सरासरी १० जण एका वेळी काम करू पाहतात. १० परवाने घेतले तर दर शंभर प्रयत्नांत सुमारे २१ जणांना नकार मिळतो. सरासरीएवढं घेतलं की पुरेल, हा समज इथेच गळून पडतो. १५ घेतले तर नकार शंभरात साडेतीन-चारांवर येतो. २० घेतले तर हजारात दोनांवर. म्हणजे पहिले पाच जादा परवाने फार मोठं काम करतात, पुढचे पाच बरंच कमी. विकणाऱ्याच्या दरपत्रकात ही उतरण कुठेही छापलेली नसते.

याहून सुंदर निष्कर्ष पुढे आहे. शेजारच्या यंत्र विभागाचीही तेवढीच मागणी आणि त्यांचेही वेगळे १५ परवाने आहेत असं धरू. दोन्ही विभागांत नकाराचं प्रमाण तेच, साडेतीन-चार टक्के. आता दोघांनी आपले सर्व्हर एक केले. मागणी २०, परवाने ३०. एक रुपयाही जादा खर्च झालेला नाही, तरी नकार शंभरात एकाहूनही कमी होतो. कारण दोघांची गर्दी नेमकी एकाच क्षणी होण्याची शक्यता कमी असते, एकाचा रिकामा परवाना दुसऱ्याच्या कामी येतो. पंधरा अधिक पंधरा हे वापरात तिसांहून जास्त भरतात. करारात मुभा असेल तिथे विभागांनी वेगवेगळ्या चुली मांडणं हा निव्वळ तोटा आहे.

सूत्राची मर्यादाही सांगितली पाहिजे. लोक आपापल्या वेळी, एकमेकांवर अवलंबून न राहता येतात, हे त्यात गृहीत आहे. साडेदहाच्या ठोक्याला तीस विद्यार्थ्यांची बॅच एकदम तेच पॅकेज उघडते, तेव्हा एरलांग मदतीला येत नाही. तिथे तीस म्हणजे तीसच. उपाय वेळापत्रकात आहे. बॅचेस वेगवेगळ्या वेळी ठेवायच्या, प्रकल्पाचं काम मोकळ्या तासांत.

ही सगळी बचत ग्राहकाच्या खिशात जाते, आणि विकणाऱ्यांनाही एरलांग कळतो. ऑटोडेस्कने ७ ऑगस्ट २०२० पासून जाळ्यावरचे सामायिक परवाने बंद करून व्यक्तीच्या नावाचे परवाने द्यायला सुरुवात केली. बदल्यात एकाला दोन असा सौदा ठेवला. विद्यार्थ्यांना त्यांचं सॉफ्टवेअर मोफत मिळतं, त्यामुळे महाविद्यालयांचं फारसं बिघडलं नाही. पण अमरावतीच्या एखाद्या वास्तुविशारदाकडे तिघं आळीपाळीने एक परवाना वापरत असतील, तर आता तिघांची नावं लागतात. अशा नावाच्या परवान्यांच्या सोयीचं कौतुक ऐकताना ही बाजूही मोजावी. ती जाहिरातीत येत नाही.

यावर कोणी ‘अ‍ॅक्टिव्हेटर’चा सोपा मार्ग सुचवला तर ठाम नकार द्यावा. ही फुकटी साधनं संगणकातच खोटा केएमएस सर्व्हर उभा करतात आणि ती चालावीत म्हणून आधी अँटिव्हायरस बंद करायला सांगतात. डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी या सुरक्षा कंपनीने दाखवलं की ‘केएमएसपिको’च्या नावाखाली पसरणाऱ्या फाइलींमधून क्रिप्टबॉट हे ब्राउझरमधले पासवर्ड आणि क्रिप्टो पाकिटं चोरणारं सॉफ्टवेअर आत शिरत होतं. बँकेचे व्यवहार ज्या संगणकावर होतात त्यावर हे येऊ देणं म्हणजे चोराच्या हाती किल्ली देणं. पैसे नसतील तर प्रामाणिक वाट मोकळी आहे. मॅटलॅबऐवजी ऑक्टेव्ह किंवा सायलॅब वापरता येतं. आयआयटी मुंबईच्या फॉसी प्रकल्पाने सायलॅबवर मोठं काम केलं आहे आणि तिथल्याच स्पोकन ट्युटोरियलचे धडे मराठीतूनही आहेत. या सॉफ्टवेअरला लायसन्स सर्व्हर लागतच नाही, नकाराची टक्केवारी शून्य.

एरलांग ३ फेब्रुवारी १९२९ रोजी वारला, अवघ्या ५१ व्या वर्षी. १९४६ साली आंतरराष्ट्रीय दूरध्वनी समितीने वर्दळीच्या एककाला त्याचं नाव दिलं. स्वीडनच्या एरिक्सन कंपनीत १९८० च्या दशकात घडलेली एक प्रोग्रॅमिंग भाषाही एरलांग म्हणूनच ओळखली जाते. लायसन्स सर्व्हरच्या माहितीपुस्तिकांत मात्र त्याचा उल्लेख अभावानेच सापडतो.

अमरावती, बडनेरा, अकोला, शेगाव इथल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांत नव्या सत्राच्या खरेदीचे प्रस्ताव तयार करणाऱ्या प्राध्यापकांना एक विनंती. लायसन्स सर्व्हरवर एक लॉग फाइल असते. कोणी कधी परवाना घेतला, कधी परत दिला, कोणाला नाकारला गेला, हे सगळं तिच्यात लिहिलेलं असतं. गेल्या सत्राची ती फाइल द्वितीय वर्षाच्या मुलांच्या हाती द्या, एरलांगचं सूत्र एक्सेलमध्ये मांडायला सांगा आणि त्यांचा आकडा आल्यावरच ऑर्डरवर सही करा.