केरिइडी : लाखेच्या किड्याच्या कुलनामाचा अर्थ आणि वापर

पळसाची एक वाळलेली काडी समोर ठेवून हा लेख लिहीत आहे. काडीच्या निम्म्या लांबीवर तांबूस तपकिरी रंगाचे खडबडीत कवच आहे. नुसत्या डोळ्यांना ते झाडातून पाझरून सुकलेल्या डिंकासारखे दिसते. भिंग धरले की चित्र बदलते. कवच एकसंध नाही, एकमेकांना घट्ट चिकटलेल्या लहान लहान कोशांचे ते बनले आहे. प्रत्येक कोशाला तीन बारीक छिद्रे आहेत आणि काही छिद्रांतून मेणाचे पांढरे तंतू अजून डोकावत आहेत. एकेका कोशात एकेक मादी आयुष्यभर जागची न हलता राहिली आणि तिथेच मेली. बाजारात या मालाला काडीलाख म्हणतात. लाख निर्माण करणारे कीटक ज्या कुलात मोडतात त्याचे शास्त्रीय नाव केरिइडी असे आहे.

हे नाव प्रथम ऐकणाऱ्याला परके वाटते, पण त्याची घडण समजायला मराठी वाचकाला जड जाऊ नये. प्राणिशास्त्रात प्रत्येक कुलाचे नाव त्या कुलातील एका प्रजातीच्या नावावरून तयार करतात. तिला त्या कुलाची प्रारूप प्रजाती म्हणता येईल. तिच्या नावाच्या अंगापुढे ‘इडी’ हा प्रत्यय लावला की कुलनाम सिद्ध होते. प्रत्यय मूळचा ग्रीक असून त्याचा अर्थ ‘अमुकाचे वंशज’ असा आहे. आपल्याकडे रघूपासून राघव, पांडूपासून पांडव, कुंतीपासून कौंतेय हे शब्द होतात. व्याकरणात त्यांना अपत्यार्थक तद्धित म्हणतात. ‘इडी’चे काम नेमके तेच आहे. कुलांसाठी हा प्रत्यय वापरण्याची कल्पना इंग्लिश कीटकशास्त्रज्ञ विल्यम कर्बी याने एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मांडली. आंतरराष्ट्रीय प्राणिनामकरण संहितेने पुढे ती सर्व प्राण्यांसाठी बंधनकारक केली. त्यामुळे कोणत्याही प्राण्याच्या वर्गीकरणात ‘इडी’ने संपणारे नाव दिसले की ते कुलाचे आहे, हे शेपटावरूनच कळते. उपकुलाचे नाव ‘इनी’ने आणि अधिकुलाचे ‘ऑइडिया’ने संपते.

केरिइडीत ‘रि’पुढे पुन्हा ‘इ’ येते. ती लेखनदोष समजून अनेक जण गाळतात. मात्र प्रजातीचे नाव केरिया आहे. त्यातील शेवटचा ‘आ’ काढल्यावर ‘केरि’ हे अंग उरते आणि त्यापुढे ‘इडी’ येतो, म्हणून दोन्ही इकार राहतात. कॉकस या प्रजातीचे अंग ‘कॉक’ असल्याने तिच्या कुलाचे नाव कॉकिडी होते व त्यात एकच इकार पुरतो. नाव दुहेरी इकाराने लिहिले की मूळ प्रजाती ‘इया’ने संपणारी असावी, हे जाणत्या वाचकाला लगेच उमगते. एक ‘इ’ गाळली की हा धागा तुटतो.

आता केरिया हे नाव आले कुठून, ते पाहू. पाटण्याला राहणाऱ्या जेम्स केर या इंग्रज अमदानीतील गृहस्थाने लाखेच्या किड्याचे वर्णन लिहून लंडनला पाठवले. सर जोसेफ बँक्स यांच्यामार्फत ते रॉयल सोसायटीपुढे आले आणि सोसायटीच्या १७८१ च्या खंडात छापले गेले. नामकरणाच्या नोंदीत मात्र त्याचे वर्ष १७८२ असे धरतात. केरने किड्याला कॉकस लॅका असे नाव दिले. ‘लॅका’ हा शब्द अर्थातच आपल्या लाखेचेच लॅटिन रूप आहे. पुढे शंभरेक वर्षांनी, १८८४ मध्ये, इटालियन कीटकशास्त्रज्ञ तार्जोनी-तोझेत्ती याने या किड्यासाठी केरिया ही स्वतंत्र प्रजाती स्थापन केली आणि केरचे नाव कायमचे त्याला जोडले.

हे वाटते तितके सरळ झाले नाही. या किड्याच्या प्रजातीला आणि कुलाला निरनिराळ्या काळी निरनिराळी नावे मिळाली. ती सारी जुन्या ग्रंथांत अजून जिवंत असल्यामुळे त्यांचा उलगडा करून घेणे आवश्यक आहे.

पहिले नाव लॅक्सिफर, म्हणजे ‘लाख वाहणारा’. जर्मन निसर्गशास्त्रज्ञ ओकेन याच्या १८१५-१६ च्या ग्रंथात ते आहे. अर्थाच्या दृष्टीने यापेक्षा समर्पक नाव सापडणे अवघड. पण ओकेनने त्या ग्रंथात द्विनाम पद्धत काटेकोरपणे पाळली नव्हती. या कारणाने आंतरराष्ट्रीय प्राणिनामकरण आयोगाने १९५६ मध्ये तो ग्रंथ नामकरणापुरता अग्राह्य ठरवला, आणि त्याबरोबर लॅक्सिफर हे नाव व त्यावरून झालेले लॅक्सिफेरिडी हे कुलनाम दोन्ही आधाराविना उरली.

दुसऱ्या नावाचा संबंध थेट मुंबईशी आहे. मुंबई इलाख्याच्या लष्करी वैद्यकीय सेवेतील शल्यचिकित्सक हेन्री जॉन कार्टर याने मुंबई बेटावर सीताफळाच्या झाडांवरील लाखेचे किडे बारकाईने पाहिले आणि १८६१ मध्ये त्यांच्या जीवनक्रमावर लेख प्रसिद्ध केला. (ग्रेच्या शरीररचनाशास्त्रावरील ग्रंथाची चित्रे काढणारा व पुढे मुंबईस आलेला कार्टर निराळा, दोघांची गल्लत वारंवार होते.) फ्रेंच कीटकशास्त्रज्ञ सिन्योरे याने या कार्याची दखल घेऊन प्रजातीला कार्टेरिया असे नाव दिले. दुर्दैवाने ते आधीच दुसऱ्या जीवांना दिले गेले होते. प्राण्यांच्या नामकरणात एक नाव दोन प्रजातींना चालत नाही, म्हणून कार्टेरिया बाद झाले. मुंबईत केलेल्या त्या चिकाटीच्या निरीक्षणाची खूण या कुलाच्या नावात राहिली असती, तर आपल्याला विशेष समाधान वाटले असते.

कार्टेरियाच्या जागी १८८६ मध्ये टॅकार्डिया हे नाव आले. ते गी ताशार या फ्रेंच जेझुइट धर्मोपदेशकाच्या स्मरणार्थ होते. सयामला गेलेल्या फ्रेंच शिष्टमंडळात तो होता. पुढे भारतात आल्यावर १७०९ च्या सुमारास त्याने लाखेविषयी युरोपात माहिती पाठवली. टॅकार्डिया आणि टॅकार्डिइडी ही नावे बराच काळ प्रचारात होती. आजही टॅकार्डिना, टॅकार्डिएला, पॅराटॅकार्डिना अशा प्रजातींच्या नावांतून ताशारची आठवण टिकून आहे. पण लाखेच्या मुख्य किड्यासाठी केरिया हेच ग्राह्य नाव ठरले आणि त्यावरून लिंडिंगर याने १९३७ मध्ये रचलेले केरिइडी हे कुलनाम रूढ झाले.

एका नावाचा उल्लेख मुद्दाम करायला हवा. भारतात या कीटकांवर दीर्घकाळ काम केलेल्या एस. महदीहसन यांनी संस्कृत ‘लाक्षा’ शब्दावरून लॅक्षाडिया अशी प्रजाती रचली होती. तिच्यातील जाती आज केरियातच गणल्या जातात. नाव मागे पडले, तरी लाखेच्या मायदेशातील शब्द तिच्या शास्त्रीय नावात आणण्याचा तो प्रयत्न मोलाचा होता, असे मला मनापासून वाटते.

केरिया हे नाव शोधताना आणखी एक घोटाळा संभवतो. बागांमध्ये पिवळ्या फुलांचे केरिया जपोनिका नावाचे झुडूप लावतात. ते गुलाबाच्या कुलातील असून त्याचे नाव क्यू उद्यानासाठी चीनमध्ये वनस्पती गोळा करणाऱ्या विल्यम केर याच्यावरून ठेवले आहे. हा केर निराळा. वनस्पती आणि प्राणी यांच्या नामकरणाच्या संहिता एकमेकींपासून स्वतंत्र असल्यामुळे एकच नाव दोन्हीकडे वैध ठरते.

वर्गीकरणात केरिइडी कुल अर्धपंखी गणात येते. मावा, तुडतुडे, पिठ्या ढेकूण हे शेतकऱ्याला नको असलेले पाहुणे याच गणातले. सोंडेने झाडाचा रस शोषणे हा सर्वांचा समान गुण आहे. खवले कीटकांच्या कॉकॉइडिया या अधिकुलात केरिइडीच्या जवळची जी कुले आहेत, त्यांची नावेही बोलकी आहेत. कॉकिडी हे नाव ग्रीक भाषेतील ‘दाणा, फळ’ या अर्थाच्या शब्दावरून आले, कारण फांदीला चिकटलेले हे कीटक प्राचीनांना फळांसारखे दिसत. केर्मेसिडी हे कुल भूमध्य समुद्राकाठच्या ओक वृक्षांवरील रंगकिड्यांचे. त्याच्या मुळाशी अरबी-फारसी ‘किर्मिझ’ हा शब्द आहे आणि त्याचा संबंध संस्कृत ‘कृमी’शी जोडतात. आपण ज्या गडद तांबड्या रंगाला किरमिजी म्हणतो, तो शब्द आणि हे कुलनाम ही एकाच घराण्यातील भावंडे आहेत.

केरिइडीत शंभराच्या आसपास जाती असून त्या प्रामुख्याने उष्ण व उपोष्ण प्रदेशांत आढळतात. टॅकार्डिएला अमेरिकेत, ऑस्ट्रोटॅकार्डिया ऑस्ट्रेलियात, तर केरिया मुख्यत्वे आशियात. कुलाची ओळख मादीवरून पटते. पूर्ण वाढलेल्या मादीला पाय नसतात. पाठीवर एक काटा असतो. श्वसनाशी संबंधित दोन तबकड्या आणि गुदद्वाराचा उंचवटा हे अवयव कोशाच्या तीन छिद्रांशी येतात. भिंगातून दिसलेली छिद्रे हीच. त्यांभोवतीचे मेणाचे तंतू राळेने छिद्र बुजू देत नाहीत.

अंड्यांतून बाहेर पडणारी अर्भके जेमतेम अर्ध्या मिलिमीटरहून थोडी मोठी व लालभडक असतात. शेकडो अर्भके एकदम बाहेर पडून कोवळ्या फांदीवर रांगत जागा शोधतात. सोंड एकदा सालीत रुतवली की मादी पुन्हा कधी हलत नाही. शरीरातून पाझरणारी राळ, म्हणजेच लाख, तिच्याभोवती साचत जाते आणि शेजाऱ्यांच्या राळेशी एकजीव होते. प्रौढ नराला मात्र पाय असतात. तो कोशातून बाहेर पडतो, मीलन करतो आणि तीन-चार दिवसांत मरतो. अर्भके निघण्याच्या काही दिवस आधी मादीच्या कोशावर पिवळसर ठिपका उमटतो. लाख उत्पादक त्यावर नजर ठेवूनच बिहन लाख, म्हणजे पुढच्या पिकासाठीचे बियाणे, कापतो. पळस आणि बोर या झाडांवर वाढणाऱ्या किड्याला रंगीनी आणि कुसुमाच्या झाडावर वाढणाऱ्याला कुसुमी म्हणतात. पहिल्याची बैसाखी व कतकी, दुसऱ्याची जेठवी व अगहनी अशी वर्षाला दोन-दोन पिके निघतात. झारखंड, छत्तीसगड आणि मध्य प्रदेश यांबरोबर आपल्याकडे गोंदिया व गडचिरोली या भागांतही हे पीक घेतले जाते. रांचीजवळील नामकुम येथे १९२४ साली लाखेसाठी खास संशोधन संस्था उभी राहिली, यावरून या पिकाचे महत्त्व ध्यानात यावे.

शास्त्रीय नाव अवघे दोन-अडीच शतकांचे असले, तरी पदार्थाची ओळख फार जुनी आहे. अथर्ववेदाच्या पाचव्या कांडात लाक्षेला उद्देशून एक सूक्त असून तिथे ती जखम भरून काढणारी वनौषधी आहे. महाभारतातील जतुगृहातला ‘जतु’ म्हणजेही लाख. पायांना लावायचा अळता हा ‘अलक्तक’ शब्दाचा वंशज आणि मूळचा लाखेचाच रंग. कृत्रिम रंग आल्यावर लाखेचा रंग मागे पडला, पण राळेची गरज उरली. सुतार ही शुद्ध केलेली राळ, म्हणजे चपडा, स्पिरिटमध्ये विरघळवून लाकडाला चकाकी आणतात. औषधाच्या गोळ्यांवर, चॉकलेटांवर व फळांवर तिचा पातळ लेप देतात. विनाइल येण्यापूर्वीच्या, मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या ध्वनिमुद्रिका याच राळेच्या मिश्रणापासून साच्यात दाबून बनवल्या जात. महाराष्ट्रातील सोनार कोल्हापुरी साजाच्या पोकळ मण्यांत लाख भरतात, म्हणून पातळ पत्र्याचा मणी चेपत नाही. सावंतवाडीचे लाखकाम प्रसिद्धच आहे. आणि लाखेची मोहोर लावून बंद केलेल्या पत्राला मराठीने लाखोटा हे नाव दिले.

या कुलनामाच्या लेखनाविषयी थोडे सांगायला हवे. लॅटिनमध्ये ते अनेकवचनी आहे, म्हणून मराठीत ‘केरिइडी कुल’ किंवा ‘केरिइडी कुलातील कीटक’ असे लिहावे. एखाद्या किड्याला ‘हा केरिइडी आहे’ म्हणणे बरोबर नाही. रोमन लिपीत कुलनामाचे पहिले अक्षर मोठे असते, पण ते तिरप्या ठशात छापत नाहीत. तिरपा ठसा फक्त प्रजाती व जातीच्या नावाला लागतो. जुन्या मराठी पुस्तकात टॅकार्डिया लॅका किंवा लॅक्सिफर लॅका असे आढळले, तर तो वेगळा कीटक समजू नये. तो केरिया लॅकाच.

समोरच्या काडीला आता चिठ्ठी बांधायची आहे. तीवर पुढीलप्रमाणे लिहितो : कुल – केरिइडी लिंडिंगर, १९३७. जाती – केरिया लॅका (केर, १७८२). दुसऱ्या ओळीतील कंस शोभेचा नाही. वर्णन करणाऱ्याने ही जाती मुळात दुसऱ्या प्रजातीत, म्हणजे कॉकसमध्ये घातली होती, एवढा इतिहास तो सांगतो. त्याखाली यजमान वृक्ष – पळस.