कणसापाशी प्राध्यापक

राहुरीचं महात्मा फुले कृषी विद्यापीठ १९६८ सालचं. शिक्षण, संशोधन आणि विस्तार ही तिन्ही कामं इथल्या प्राध्यापकांकडे असतात. ज्वारीचा पैदासकार दुपारनंतर कणसापाशी उभा राहतो, न उमललेल्या फुलांतले परागकोश चिमट्याने एकेक काढतो, वर कागदी पिशवी चढवतो. दुसऱ्या दिवशी सकाळी निवडलेल्या नराचे पराग त्यावर टाकतो. पुढे पिढ्यान्‌पिढ्या निवड, ठिकठिकाणच्या चाचण्या, मग राज्यातल्या चारही कृषी विद्यापीठांची संयुक्त बैठक. त्यात वर्षंच्या वर्षं जातात. या पैदासकारांची नावं शेतकऱ्यांपर्यंत पोहोचायलाच हवीत. याच कामातून कोरडवाहू रब्बीसाठी राहुरीने जमिनीच्या खोलीनुसार ज्वारीचे वाण दिले: हलक्या रानाला फुले अनुराधा, मध्यमला फुले सुचित्रा, भारीला फुले वसुधा.