गंगाधरपंतांच्या खिशातले पान

शाळेत व्याख्यानाला गेलो की शेवटी एक प्रश्न हमखास येतो. ‘सर, समांतर विश्वे खरीच असतात का?’ एकदा नववीतल्या एका मुलाने त्याला पुस्ती जोडली, ‘मग ज्या जगात माझे आजोबा अजून आहेत, तिथे जाता येईल का?’ वर्ग हसला. तो मुलगा हसला नाही. तेव्हा आम्ही दिलेले उत्तर घाईचे होते. ते नीट देण्याचा हा प्रयत्न आहे.

समांतर विश्व म्हटले की मराठी वाचकाला डॉ. जयंत नारळीकरांची (१९३८–२०२५) ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा आठवते. तिचे इंग्रजी रूप अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात घेतले गेले, त्यामुळे ती पुष्कळ विद्यार्थ्यांनाही ठाऊक आहे. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर विश्वासराव गोळी लागून पडले, हा आपला इतिहास. गंगाधरपंत अपघातानंतर अशा जगात पोचतात, जिथे ती गोळी चुकली आणि मराठे जिंकले. परत येताना त्यांच्या खिशात त्या जगातल्या बखरीचे एक पान राहून जाते. कथेतला पुरावा म्हणजे हेच पान.

या कथेत दोन वेगळे प्रश्न गुंफलेले आहेत. एक, घटनांचे अनेक पर्याय एकाच वेळी अस्तित्वात असू शकतात का? दोन, एका पर्यायातून दुसऱ्यात जाता येते का? वर्गात हे दोन प्रश्न प्रथम सुटे करावेत.

पहिल्यासाठी एक सोपा प्रयोग पाहू. लेझर पॉइंटरच्या तोंडावर एक केस ताणून चिकटवा व प्रकाश ३ मीटरवरील भिंतीवर पाडा. (लेझर कोणाच्याही डोळ्यांत जाणार नाही, याची दक्षता शिक्षकांनीच घ्यावी.) भिंतीवर केसाची साधी सावली न दिसता ठिपक्याच्या दोन्ही बाजूंना उजळ-काळे पट्टे दिसतील. तरंगलांबीला भिंतीच्या अंतराने गुणून केसाच्या जाडीने भागले, की लागोपाठच्या दोन काळ्या पट्ट्यांमधील अंतर मिळते. केस ०.०७ मिलिमीटर जाड व तरंगलांबी ०.०००६५ मिलिमीटर असेल, तर हे अंतर सुमारे २८ मिलिमीटर येते. उलट गणित करून विद्यार्थी स्वतःच्या केसाची जाडीही काढू शकतात. केसाच्या डावीकडून व उजवीकडून आलेल्या तरंगांची बेरीज होते, म्हणून हे पट्टे उमटतात.

१९०९ साली जी. आय. टेलर यांनी केसाऐवजी सुई वापरली आणि प्रकाश इतका मंद केला, की फोटोची काच महिनोन्‌महिने ठेवावी लागली. तरीही पट्टे उमटले. १९८९ साली जपानमध्ये तोनोमुरा व सहकाऱ्यांनी इलेक्ट्रॉन एकेक करून सोडले. प्रत्येकाचा एकच ठिपका पडला, पण हजारो ठिपक्यांतून पट्टेच साकारले. म्हणजे एकट्या इलेक्ट्रॉनच्या बाबतीतही दोन्ही मार्ग हिशेबात धरावे लागतात. इथवर प्रयोगसिद्ध विज्ञान आहे.

मग आपल्याला शेवटी एकच ठिपका का दिसतो? ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली धाडसी उत्तर दिले. सर्वच पर्याय घडतात, पण प्रत्येक पर्यायातील निरीक्षकाला फक्त आपलाच पर्याय दिसतो. हा पुंजयामिकीचा, म्हणजेच क्वांटम मेकॅनिक्सचा, एक अर्थ झाला. इतरही अर्थ आहेत आणि त्यांतला बरोबर कोणता, यावर शास्त्रज्ञांत एकमत नाही.

आता दुसरा प्रश्न. दोन पर्यायांची बेरीज केव्हा होते? ते शेवटी अगदी एकाच स्थितीत येऊन मिळाले आणि ‘कोणत्या मार्गाने आलो’ याची खूण कुठेही उरली नाही, तरच. वस्तू मोठी झाली की हे कठीण होत जाते. हवेचा एखादा रेणू आदळला तरी खूण उमटते व पट्टे पुसले जातात. १९९९ साली व्हिएन्नात ६० कार्बन अणूंच्या रेणूचे पट्टे मिळाले, तर २०१९ पर्यंत सुमारे २००० अणूंच्या रेणूंपर्यंत मजल गेली. गोळी लागली की चुकली याच्या खुणा मात्र हवेच्या असंख्य रेणूंत, सैनिकांच्या स्मरणात, आकाशात निघून गेलेल्या प्रकाशातही उमटतात. त्या सगळ्या पुसल्याशिवाय दोन पर्याय पुन्हा एकत्र येणार नाहीत. आणि पुसायच्या म्हटल्या तर बखरीचे पानही पुसावे लागेल, कारण तीही एक खूणच!

खुणा न पुसता एका पर्यायाने दुसऱ्यावर परिणाम करायचा, तर पुंजयामिकीचे समीकरण बदलावे लागते. हे समीकरण रेषीय आहे. तळ्यातल्या दोन लहान लाटा एकमेकींतून आरपार जाऊन आपापल्या वाटेने पुढे जातात, तसे त्यातले पर्याय वागतात. स्टीव्हन वाइनबर्ग यांनी १९८९ साली विचारले, की या रेषीयतेत किंचित उणीव असेल तर? जोसेफ पोल्चिन्स्की यांनी १९९१ साली दाखवले, की तशा उणिवेतून पर्यायांमध्ये संदेश जाऊ शकेल. त्याला त्यांनी गमतीने ‘एव्हरेट फोन’ म्हटले. परंतु अमेरिकेत बेरिलियमच्या आयनांवर १९८९ सालीच केलेल्या अतिसूक्ष्म मापनात अशी उणीव आढळली नाही.

म्हणून कथेतले पान हे कथेचेच पान. त्याने कथेला उणेपणा येत नाही. ‘असे झाले असते तर?’ हा प्रश्न विचारण्यासाठीच विज्ञानकथा असते. मात्र ‘क्वांटम’ हा शब्द पुढे करून कोणी परलोकाशी संपर्काची हमी देऊ लागला, तर विद्यार्थ्याने त्याला विचारावे, ‘तुमचा प्रयोग कोणता?’

त्या मुलाला आज आम्ही सांगू, ‘बाळ, तसे जग आहे की नाही, हे विज्ञानाने अजून ठरवलेले नाही. ते असले, तरी आज ज्ञात असलेल्या नियमांनुसार तिथे जायला वाट नाही. पण आजोबांच्या खुणा याच जगात आहेत. त्यांनी तुला शिकवलेले तुझ्याजवळ आहे, ते जपून ठेव.’