भिकू म्हात्रे ते बॉब बिस्वास

हिंदी सिनेमातला डॉन म्हटलं की पूर्वी डोळ्यांसमोर काय यायचं? पांढरा सूट, आलिशान अड्डा आणि भोवती बंदूकधारी पंटर! ३ जुलै १९९८ रोजी राम गोपाल वर्मा यांचा ‘सत्या’ आला आणि हे चित्र बदललं. १९८९च्या ‘परिंदा’ने पायवाट पाडली होती, ‘सत्या’ने तिचा हमरस्ता केला.

यातला भिकू म्हात्रे आपल्या शेजारी राहत असावा असा वाटतो. तो मित्रांसोबत खिदळतो, बायको प्यारीशी कडाक्याचं भांडतो आणि लगेच तिच्यावर जीवही टाकतो. या भूमिकेने मनोज बाजपेयींना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला. मुंबईचा पाऊस, अरुंद खोल्या, गणेश विसर्जनाची गर्दी, सगळं ओळखीचं. म्हणूनच त्यातली हिंसा अंगावर येते.

चित्रपटाचे लेखक होते सौरभ शुक्ला आणि अनुराग कश्यप. पुढे वर्मांनी ‘कंपनी’ (२००२) केला, तर कश्यप यांनी हाच रांगडेपणा ‘गँग्स ऑफ वासेपूर’मध्ये (२०१२) झारखंडच्या कोळसापट्ट्यात नेला.

त्याच वर्षी कोलकात्यातही एक वेगळा मारेकरी पडद्यावर आला. सुजॉय घोष यांच्या ‘कहानी’तला बॉब बिस्वास! ढेरपोट्या, चष्मा लावणारा हा विमा एजंट ऑफिसात साहेबांची बोलणी खातो आणि फोनवर निरोप आला की खून करायला निघतो. शाश्वत चॅटर्जींनी तो इतका साधा उभा केला, की ट्राममध्ये शेजारी बसला तरी ओळखू येऊ नये. ‘सत्या’त जशी गणेश विसर्जनाची गर्दी, तशी इथे दुर्गापूजेची. दोन्हीकडे शहर हेच एक पात्र.

मग असे चित्रपट गुंडांना हिरो करतात का? हा प्रश्न घरोघरी विचारला जातो, आणि तो रास्तच आहे. भिकू आवडतो, हे खरंच. पण ‘सत्या’चा शेवट आठवा. भिकूला ज्याच्यासाठी राबला तोच नेता गोळी घालतो आणि सत्या विद्याच्या दाराशी कोसळतो. मागे उरतात त्या प्यारी आणि विद्या. पैसा, दरारा, दोस्ती यांतलं काहीच कामी येत नाही.

‘सत्या’ लहान मुलांसोबत बघण्याचा नाही. पण घरातल्या कॉलेजवयीन मुलांसोबत जरूर बघा. आणि संपल्यावर टीव्ही बंद करून एकच प्रश्न विचारा, “प्यारीचं पुढे काय झालं असेल?”