रौलट कायद्याच्या आधी काय घडलं? : विष्णू गणेश पिंगळे आणि १९१५ चा फसलेला उठाव



चौथीच्या मुलांना 'हेर' म्हटलं की लगेच बहिर्जी नाईक आठवतात. पुढे आठवीच्या इतिहासात 'रौलट कायदा' येतो. विनाचौकशी अटक, विनाखटला तुरुंगवास, एवढे दोन मुद्दे मुलं पाठ करतात आणि पुढच्या ओळीत जालियनवाला बाग येते. पण एखादं चौकस पोरगं विचारतंच, "सर, महायुद्ध तर १९१८ मध्ये संपलं होतं. मग १९१९ मध्ये सरकारला असा कायदा कशाला पाहिजे होता?"

या प्रश्नाचं उत्तर पहिल्या महायुद्धातल्या हेरगिरीत आहे. आणि त्या गोष्टीत आपल्या पुणे जिल्ह्यातल्या तळेगाव ढमढेरे गावचा एक तरुण आहे. त्याचं नाव विष्णू गणेश पिंगळे.

गदर पक्ष म्हणजे काय?

अमेरिका आणि कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर त्या काळी बरेच भारतीय मजूर होते. बहुतेक पंजाबी. लाकडाच्या गिरण्या, शेती, रेल्वेची कामं करायचे. सोबत काही विद्यार्थीही होते. या लोकांनी १९१३ साली संघटना उभी केली आणि १ नोव्हेंबर १९१३ ला सॅन फ्रान्सिस्कोमधून 'गदर' नावाचं साप्ताहिक सुरू केलं. गदर म्हणजे बंड. पेपरच्या नावावरूनच पक्षाला गदर पक्ष म्हणू लागले.

यात आपल्या विदर्भाचाही माणूस होता. वर्ध्याचे डॉ. पांडुरंग खानखोजे हे सुरुवातीच्या कार्यकर्त्यांपैकी एक. युद्धाच्या काळात ते इराणपर्यंत पोचले आणि तिथे इंग्रजांविरुद्ध लढले. पुढे मेक्सिकोत शेतीशास्त्रज्ञ म्हणून नाव कमावलं आणि १९६७ साली नागपूरला वारले.

पिंगळे १९११ साली इंजिनिअरिंग शिकायला अमेरिकेला गेले आणि तिथे गदरशी जोडले गेले. ऑगस्ट १९१४ मध्ये महायुद्ध पेटलं. इंग्रजांचं बरंच सैन्य भारताबाहेर गेलं. हीच वेळ आहे, असं म्हणून गदरचे लोक बोटी भरभरून मायदेशी निघाले. नोव्हेंबर १९१४ मध्ये पिंगळे कलकत्त्याला उतरले.

योजना काय होती?

योजना साधी होती, पण फार मोठी. इंग्रजांच्या फौजेतल्या भारतीय शिपायांनीच एका ठरलेल्या दिवशी उठाव करायचा. लाहोरजवळची मियाँ मीर छावणी, फिरोजपूर, मेरठ अशा ठिकाणी पलटणींशी बोलणी सुरू झाली. पिंगळेंनी पंजाबचे गदरवाले आणि बनारसला असलेले बंगालचे क्रांतिकारक रासबिहारी बोस यांची गाठ घालून दिली. अठरा वर्षांचा कर्तारसिंग सराभा छावण्यांमधून फिरत होता. दिवस ठरला २१ फेब्रुवारी १९१५.

गुप्त गोष्ट फुटते कशी?

हे मुलांना समजवायला आपल्या बैलबाजाराचं उदाहरण घ्या. दोन व्यापारी रुमालाखाली एकमेकांची बोटं धरून भाव ठरवतात. बाजूला उभ्या माणसाला काही कळत नाही. कारण गोष्ट दोघांतच आहे. पण तोच भाव पन्नास जणांना सांगायचा ठरला, तर रुमालाचा काय उपयोग?

उठावाची अडचण हीच होती. उठाव करायचा तर तो शेकडो शिपायांना सांगावा लागतो. सरकारला मात्र त्यातला एकच माणूस फोडायचा असतो.

पंजाब पोलिसांनी तेच केलं. किरपालसिंग नावाच्या माणसाला त्यांनी गदरच्या गटात घुसवलं. त्याचा एक नातेवाईक २३ व्या घोडदळात होता, त्यामुळे कोणाला लवकर संशय आला नाही. तो बैठकांना बसायचा आणि बातमी पोलिसांना पोचवायचा. संशय आल्यावर क्रांतिकारकांनी तारीख दोन दिवस अलीकडे, १९ फेब्रुवारीवर आणली. पण तोपर्यंत किरपालसिंग आतच होता. नवी तारीखही फुटली. त्या दिवशी लाहोरच्या घरावर छापा पडला आणि छावण्या सावध झाल्या. कर्तारसिंग फिरोजपूरला पोचला, पण तिथून हात हलवत परतावं लागलं.

रासबिहारी बोस निसटले आणि मे महिन्यात दुसऱ्याच नावाने जपानला गेले. पिंगळे मात्र थांबले नाहीत. ते मेरठला १२ व्या घोडदळाच्या शिपायांना भेटायला गेले. तिथेही फितुरी झाली. २३ मार्च १९१५ रोजी छावणीतच बॉम्बसकट ते पकडले गेले.

समुद्रापलीकडेही हेच चालू होतं

हा प्रकार फक्त पंजाबात नव्हता. कॅनडात व्हँकुव्हरला हॉपकिन्सन नावाचा सरकारी अधिकारी भारतीयांवर पाळत ठेवायचा, खबरे पोसायचा. ऑक्टोबर १९१४ मध्ये मेवासिंग यांनी त्याला कोर्टातच गोळी घातली. जर्मनीच्या पैशाने भारतासाठी घेतलेली हत्यारं 'ॲनी लार्सन' नावाच्या जहाजावर होती. ती १९१५ मध्ये अमेरिकेतच जप्त झाली. पुढे सॅन फ्रान्सिस्कोत मोठा खटला चालला.

हेरांनंतर आला कायदा

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. पंजाबचा लेफ्टनंट गव्हर्नर होता मायकेल ओडवायर. त्याला नेहमीच्या कोर्टांवर भरवसा नव्हता. मार्च १९१५ मध्ये 'भारत संरक्षण कायदा' आला. खास न्यायमंडळ नेमायचं आणि त्याच्या निकालावर अपील नाही, अशी त्यात सोय होती. याच कायद्याखाली पहिला लाहोर कट खटला चालला. सप्टेंबरमध्ये २४ जणांना फाशी सुनावली गेली. व्हाइसरॉयने १७ जणांची फाशी बदलून काळ्या पाण्याची केली. उरलेल्या सात जणांना १६ नोव्हेंबर १९१५ रोजी लाहोरच्या तुरुंगात फाशी दिली. त्यात कर्तारसिंग होता आणि २७ वर्षांचे पिंगळे होते.

पण हा कायदा फक्त युद्धापुरता आणि त्यानंतर सहा महिन्यांपुरता होता. युद्ध संपत आलं तशी सरकारला चिंता लागली, की आता या अधिकारांचं काय? म्हणून न्यायमूर्ती रौलट यांची समिती नेमली. तिने १९१८ च्या अहवालात बंगालचे आणि पंजाबचे हे सगळे कट तपशिलाने मांडले आणि तसे अधिकार पुढेही हवेत असं सांगितलं. मार्च १९१९ मध्ये रौलट कायदा झाला. एप्रिलमध्ये हरताळ, आणि १३ एप्रिलला जालियनवाला बाग. तेव्हाही पंजाबचा लेफ्टनंट गव्हर्नर तोच ओडवायर होता. उधमसिंगांनी १९४० मध्ये लंडनला गोळी घातली ती त्यालाच.

म्हणजे पोराने विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर हे : रौलट कायदा अचानक आला नाही. युद्धाच्या भीतीने काही दिवसांसाठी घेतलेले अधिकार सरकारला सोडवेनात. आधी ते मोजक्या क्रांतिकारकांवर वापरले. नंतर तेच साध्या माणसांच्या दारात आले.

वर्गात कसं घ्यावं?

१. फळ्यावर एक रेघ ओढून १९१३, १९१४, १९१५, १९१८, १९१९ अशा खुणा करा. घटना मुलांनाच लिहू द्या. कारण आणि परिणाम त्यांना आपोआप दिसतात.

२. चिठ्ठीचा खेळ घ्या. एक गुप्त निरोप आधी दोन मुलांना द्या, मग वीस मुलांना. दोन्ही वेळा एक 'खबऱ्या' गुपचूप ठरवून ठेवा. निरोप कधी फुटतो ते बघा.

३. मोठ्या मुलांना एक प्रश्न द्या. या कटाची बरीचशी माहिती आपल्याला पोलिसांच्या कागदांतून आणि कोर्टातल्या जबान्यांतून मिळते. माफीचा साक्षीदार जे बोलला ते सगळं खरं धरायचं का? दुसरा पुरावा कोणता शोधाल?

४. पालकांनी घरी एवढंच करावं. सिनेमातला हेर बघून झाला की मुलांना विचारा, "याने दिलेल्या बातमीमुळे पुढे कोणाचं काय झालं असेल?"

पिंगळेंचं नाव पाठात एका ओळीत येवो की न येवो, रौलट कायदा शिकवताना ते फळ्यावर जरूर लिहा.