न दिसणारे सांधे

नट-नटींचीं नांवें आमच्या नेरसारख्या गांवींही मुलांना मुखोद्गत असतात. चित्रफितीचे तुकडे कापून जोडणारा संकलक मात्र अज्ञातच राहतो.

गोमंतकांतील पोंबुर्फा येथें १९३२ सालीं जन्मलेले वामन भोसले हे अशांपैकींच एक. बॉम्बे टॉकीजमध्यें डी. एन. पै यांच्या हाताखालीं त्यांनीं ही विद्या संपादिली. पुढें एकत्र कुटुंबाची कथा सांगणारा ‘दो रास्ते’ (१९६९), ‘आंधी’ (१९७५) इत्यादि चित्रपट त्यांनीं संकलित केले. ‘इन्कार’बद्दल (१९७७) गुरुदत्त शिराळींसह त्यांस राष्ट्रीय पुरस्कार लाभला. २०२१ सालीं ते निवर्तले.

‘सूर्योदय’ म्हणतांना ‘सूर्य’ व ‘उदय’ यांचा संधि जाणवत नाहीं. दृश्यांचा सांधाही तसाच हवा. तो दिसला कीं रसभंग झालाच! न दिसण्यांतच ज्याचें कौशल्य, त्याचें नांव तरी रसिकांनीं नामावळींत आवर्जून वाचावें, असें आम्हांस वाटतें.